यवनाच्या खांबाचा ठसा

६ फेब्रुवारी १९६६, रविवार

काल सकाळी मी लेण्याच्या पायऱ्या झाडल्या नाहीत. बावीस वर्षांच्या पहाऱ्यात आजारपण सोडलं तर असं कधी झालं नव्हतं. झाडू भिंतीला टेकवला, आई एकवीरेला हात जोडले आणि चैत्याच्या दारातल्या दगडावर नुसता बसून राहिलो. खिशात एक पाकीट होतं आणि ते मला वाचता येत नव्हतं. वरची तिकिटं परक्या मुलखातली, आतलं पत्र इंग्रजी. माझं शिक्षण गावच्या शाळेत सातवीपर्यंत. शेवटची सही तेवढी ओळखली, कारण येलेनाबाई अडीच महिने हजेरीच्या वहीत तशीच सही करत होती.

बाई मागल्या वर्षीच्या थंडीत यूगोस्लाव्हिया देशातल्या सारायेवो शहरातून आली होती. आमच्या कार्ल्याच्या खांबांवर दोन हजार वर्षांपूर्वीची अक्षरं आहेत, त्यांचे ठसे घ्यायला. कागद भिजवून दगडावर पसरायचा, ब्रशनं ठोकून अक्षरांच्या खाचेत बसवायचा, वरून शाईची पुरचुंडी टिपायची आणि वाळला की अलगद सोडवायचा. काळ्या कागदावर पांढरी अक्षरं उमटतात. पुरातत्त्व खात्यानं मला तिच्या हाताखाली दिलं. पाणी आणायला माझ्या बायकोला, हिराला, रोजावर ठेवलं.

दुपारी शाळेच्या पाटणकर मास्तरांनी पत्र वाचून सांगितलं. बाईच्या शहरातल्या संग्रहालयात आपल्या ठशांचं प्रदर्शन भरलं. डाव्या ओळीतल्या यवनाच्या, म्हणजे परदेशी दात्याच्या, खांबाचा ठसा मधोमध लावला, आणि लोक त्याच्यापुढे उभे राहून बोलायचं विसरतात म्हणे. त्यांच्याकडेही डोंगरावर जुने दगड आहेत, चार प्रकारच्या लिप्यांमधले. त्यांचे ठसे घ्यायला आणि तिथल्या मुलांना शिकवायला मी यावं. पावसाळ्यानंतर, दोन महिने. जाण्यायेण्याचं संग्रहालय पाहील. बरोबर एक माणूस आणता येईल. 'तो कोण, हे तुम्ही ठरवा. दुसऱ्याच्या घरातल्या गोष्टीत मी बोलत नाही.' दोघांची नावं एका तक्त्यात भरून मार्चअखेर टपालात पडली पाहिजेत.

शेवटी लिहिलंय, 'हिराच्या दोन्ही हातांना माझा नमस्कार.' मास्तर म्हणाले, तिकडे बायकांच्या हातांना मान देण्याची रीत आहे. असेल.

घरी सांगितलं. हिरा म्हणाली, "थंडी लय असंल तितं." बाकी काही नाही.

८ फेब्रुवारी, मंगळवार

बातमी मळवली स्टेशनपर्यंत गेली. वाहिद टांगा घेऊन थेट पायथ्याशी आला. आम्ही एकाच वर्षी जन्मलेले, एकाच ओढ्यात पोहायला शिकलेले. म्हणाला, "दत्तोबा, दुसरा मानूस मी. तितं मशिदी हायत म्हनं. सलाम-दुवा करायला कोन पायजे? तू जाशील आन् तोंडाकडं बघत बसशील."

मास्तर तिथेच होते. "सलाम करून आगगाडीचं तिकीट मिळतं का रे? इंग्रजी लागतं."

"मास्तर, तुमचं इंग्रजी तुमच्या हेडमास्तरला कळत न्हाई, तितल्या गार्डाला काय कळनार?"

मास्तरांनी मनावर घेतलं नाही. त्यांनी लोणावळ्याहून लोकरीचा मफलर आणलाय, हे मला त्यांच्या शेजाऱ्याकडून कळलं.

खात्याच्या साहेबांनी पुण्याहून कळवलं, रजा मिळेल, खुशाल जा. म्हणजे आता अडचण खात्याची नाही, माझी आहे. मला भीती वाटते. इथे लोकांना मी लेणी दाखवतो, कारण लेणी माझ्या पायाखालची आहेत. परक्या शहरात माझ्या पायाखाली काय असणार? आणि तिथला जुना दगड माझ्या हातून खराब झाला तर?

हिरानं लेण्यातला ब्रश घरी आणून धुतला आणि वाळत घातला. मी म्हटलं, एवढ्यात कशाला? म्हणाली, "केसात शाई अडकली की टोचतो त्यो कागदाला." स्वच्छतेची तिला पहिल्यापासून आवड.

१३ फेब्रुवारी, रविवार

आज शाळेच्या अंगणात सारायेवो मांडलं. बाईनं पत्राबरोबर हातानं काढलेला नकाशा पाठवला आहे. मास्तरांनी खडूनं नदी काढली, वाहिदनं खडे ठेवले. शहर डोंगरांच्या कुशीत आहे, लोणावळ्यासारखं. मधून बारीक नदी, तिच्यावर बरेच पूल. एक मोठी मशीद. तिथून चालत थोडं गेलं की एका पंथाचं चर्च, आणखी थोडं गेलं की दुसऱ्या पंथाचं, आणि जवळच यहुदी लोकांचं मंदिर. जुन्या पेठेत तांबटांची आळी, दिवसभर ठोकाठोकी.

मास्तरांनी दोन तास इतिहास सांगितला. कुठला बादशहा, कुठला राजा, कोण कुणानंतर आला. मला एवढंच उमजलं की जो आला तो राहिला आणि आधीचा कुणी पूर्ण गेला नाही. वाहिदचा बेत सोपा होता. पहिल्या दिवशी जेवण, दुसऱ्या दिवशी जेवण, तिसऱ्या दिवशी घोडी बघायची.

मी रोजचा क्रम लिहून काढला. सकाळी दगडांवर काम, दुपारी एकेक देऊळ, शुक्रवारी मशीद बाहेरून, रविवारी चर्च. हिरा पाणी घेऊन आली ती उभीच राहिली. खड्यांकडे बघून विचारलं, "तांबट आळी नदीच्या हिकडं का तिकडं?" मास्तर म्हणाले, अलीकडे. "आन् दगुड?" ते वरच्या डोंगरावर. "म्हंजी पानी नदीचं वर वाहायचं. लय लांब पडंल. वर झरा हाय का, इचारा बाईला."

नुसत्या अडचणी काढते. मी जावं असं तिला वाटत नाही, हे आता दिसतंच आहे.

१९ फेब्रुवारी, शनिवार

काल महाशिवरात्र. उपास होता, मन निवांत होतं, म्हणून मोठा प्रश्न काढला. परक्या गावात पाऊल टाकायचं तर आधी शिवेवर नारळ. त्या गावचा जो कुणी राखणदार देव असेल त्याला सांगायचं, बाबा, पाहुणे आहोत, सांभाळ. माझ्या वडिलांनी कामशेतच्या बाजारालाही हा नेम कधी मोडला नाही. पण सारायेवोचा ग्रामदेव कोण? चौघं दिसतात. पहिला नारळ कुणाला?

मास्तर हसले. म्हणाले, तिथे नारळ मिळायचाच नाही. मी म्हटलं, इथून नेऊ.

"चार ने," वाहिद म्हणाला.

"आन् पयला कुनाच्या दारी?" मी विचारलं.

"तिथंच गोची हाय. येकाला आधी दिला की बाकीचे तिघं रुसनार. देव रुसतील का ठावं न्हाई, पन मानसं रुसतील."

हिरा तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "नदीला द्या. पानी समदीच पित्यात."

वाहिदनं टाळी वाजवली. मी रात्रभर विचार केला. तिचं बरोबर आहे. क्रमात लिहिलं: पहिला दिवस, नदी, नारळ एक.

मात्र आज कळलं की ती दुधिवऱ्याला बहिणीकडे, भागूबाईकडे जाऊन आली आणि आपली म्हैस दोन महिने सांभाळशील का म्हणून विचारून आली. म्हणजे मी गेल्यावर हिला घरात राहायचंच नाही. माहेरी जाऊन बसणार. राग आहे तिचा, निघून जाऊ द्यावा.

२७ फेब्रुवारी, रविवार

रंगीत तालीम. दुसरा माणूस कोण, हे हातानंच ठरवावं असं मी सुचवलं. गावाबाहेर वाघजाईच्या देवळापुढे जुनी वीरगळ आहे. लढाईत पडलेल्या वीराचा दगड, घोड्यावर बसलेला गडी, हातात तलवार. तिचा ठसा घ्यायचा.

आधी वाहिद. त्यानं कागद भिजवला, दगडावर टाकला आणि घोड्याला थापटावं तसा ठोकला. कागदाला भोक पडून वीराचं नाक बाहेर आलं. "नाक मोठं हाय त्याचं, माझा काय दोष?"

मग मास्तर. त्यांनी कागद सुरेख पसरला आणि वीरगळ म्हणजे काय ते सांगू लागले. सांगून होईतो उन्हात कागदाचा पापड झाला आणि आपोआप खाली पडला.

मग मी. दोन वेळा केलं. पहिल्यांदा घोडा आला, गडी नाही. दुसऱ्यांदा गडी आला, पण तो तोंड धुऊन बसल्यासारखा, डोळे-नाक पुसट. वारा होता. कागदही बाईचा नव्हता, लोणावळ्याचा होता.

एवढ्यात हिरा भाकऱ्या घेऊन आली. पाटी खाली ठेवली, नवा कागद उचलला, पाण्यात बुडवून निथळला, दगडावर घातला आणि बोटांची मागची बाजू लावून थांबली. मी ब्रश उचलला, तर म्हणाली, "थांबा. अजून पितंय." थोड्या वेळानं, "आता प्यालं." आणि भाकरी थापावी तशी हलक्या हातानं कडेकडेनं मधे येत गेली, मग ब्रश, मग शाई. ठसा सोडवला तेव्हा घोड्याच्या लगामाची कडीसुद्धा दिसत होती. वीराच्या पागोट्याचे पेच मोजता येत होते.

तिघंही ठशावर वाकलो. मी म्हटलं, "ऊन कललं. सावली आली की कागद नीट बसतोच."

वाहिद माझ्याकडे बघत राहिला. म्हणाला, "दत्तोबा, माझ्या घोड्याची झापडं हरवलीत. तुझ्या डोळ्यांवर तर न्हाईत?" आणि पोट धरून हसला. मास्तरही हसले. मला त्यात एवढं हसण्यासारखं काही दिसलं नाही. भाकऱ्या चांगल्या झाल्या होत्या.

३ मार्च, गुरुवार

झोप उडते. मास्तर का वाहिद? एकाला घेतलं तर दुसरा आयुष्यभर बोलून दाखवेल. शिवाय दोघांच्याही हाताला ठसा येत नाही. कधी वाटतं, कुणालाच नको, एकट्यानं जावं. मग वाटतं, एकट्याच्या हातून तरी कुठे आला?

यवनाच्या खांबापुढे आज बराच वेळ बसलो. दोन हजार वर्षांपूर्वी कुणी परमुलखातला माणूस इथे आला. हा डोंगर त्याचा नव्हता, देव त्याचा नव्हता, बोली त्याची नव्हती. तरी त्यानं एक खांब दिला आणि आपलं नाव कोरून ठेवलं. आपण उलट जाताना काय न्यायचं? खांब तर नेता येत नाही.

११ मार्च, शुक्रवार

शेवटी वाघजाईला कौल लावला. निवृत्ती गुरवानं देवीच्या अंगावर दोन्ही बाजूंना पाण्यानं फुलं चिकटवली. उजवं पडलं तर होकार, डावं पडलं तर नकार.

"पाटणकर मास्तर," मी म्हटलं. बराच वेळ गेला. डावं पडलं.

"वाहिद." हे लगेच पडलं. डावंच.

वाहिद देवळाच्या पायरीबाहेर उभा होता. "काय म्हन्ली?"

"घोड्याकडं कोन बघंल, म्हन्ली," निवृत्तीनं सांगितलं.

"ते मात्र खरं हाय," वाहिद म्हणाला आणि त्यानं बाहेरूनच हात जोडले.

मी विचारलं, "निवृत्ती, मग देवीच्या मनात हाय तरी कोन? एकट्यानंच जाऊ का?" ते फूलही डावं पडलं.

निवृत्ती फुलं गोळा करत म्हणाला, "आरं, देवी इचारलेल्याचं उत्तर देती. जे तू इचारलंच न्हाईस त्याचं कसं देईल? तुझ्या तोंडात जेवढी नावं, तेवढाच कौल." मग जरा थांबून, "बाईचं पत्र परत वाच. मला वाचता येत न्हाई. तुला येतंय."

मला इंग्रजी येत नाही हे तो विसरला असावा. पण मास्तरांनी मराठीत उतरवून दिलेला कागद काढून वाचला. त्यात नवीन काही नाही. यवनाच्या खांबाचा ठसा मधोमध लावलाय. एवढंच.

१४ मार्च, सोमवार

एवढंच नाही.

तो ठसा कुठल्या दिवशी घेतला हे आठवेना. माझ्या हातचं एवढं चांगलं काम आणि मला दिवस आठवू नये? म्हणून आज पेटीतून मागल्या वर्षीची वही काढली. पौषातलं पान सापडलं. माझंच अक्षर. जसंच्या तसं उतरवतो:

'१२ जानेवारी. वडगावला कोर्टात साक्षीला गेलो, सबंध दिवस मोडला. येलेनाबाई पोट बिघडून विश्रामगृहात झोपून. संध्याकाळी आलो तो यवनाच्या खांबाचा ठसा दोरीवर वाळत होता. फार सुरेख. हिराला घरी यायला उशीर झाला, भात करपला. बोललो तिला.'

हे मीच लिहिलं होतं. मीच वाचलं. तीनदा वाचलं.

मी वडगावला. बाई अंथरुणात. मग खांबापुढे कोण होतं? आणि मी त्या दिवशी करपलेल्या भातावरून बोललो.

मग मागची सगळीच पानं चाळली. जे ठसे बाईनं चांगले म्हणून बाजूला काढले, त्या प्रत्येक दिवशी वहीत आहे: 'हिरानं कागद भिजवला.' 'हिरा म्हणाली थांबा.' ज्या दिवशी ती भातझोडणीला गेली, त्या दिवशी: 'कागद फाटला. दगड खरबरीत.' सगळं माझ्याच हातानं लिहून ठेवलेलं. दोन हजार वर्षांपूर्वीचं अक्षर मी लोकांना बोट लावून दाखवतो. माझं स्वतःचं मला वाचता आलं नाही.

हातांना नमस्कार. ती तिकडची रीत नव्हती.

१५ मार्च, मंगळवार

कौल लावायला गेलो नाही. सकाळी चुलीपाशी जाऊन बसलो. हिरा भाकरी थापत होती. शब्द जुळवून गेलो होतो, ते सगळे विसरलो.

म्हटलं, "येतीस का?"

"कुटं?"

"सारायेवोला."

भाकरी तव्यावर पडली. तिनं पाण्याचा हात फिरवला, कडा बघितल्या, उलटली. भाकरी टम्म फुगली तेव्हा म्हणाली, "म्हशीचं गेल्याच महिन्यात भागूला सांगून आले न्हवं."

"मग बोल्ली का न्हाईस?"

"तुमी इचारलं व्हतं का? मास्तरला इचारलं, वाहिदभाऊंना इचारलं, देवीला इचारलं. म्या म्हन्लं, पाळी येईल तवा येईल."

"त्यो यवनाचा खांब तू ठोकलास, ह्ये तरी सांगायचं."

तिनं प्रथमच माझ्याकडे वळून बघितलं. तिला खरंच नवल वाटलं होतं. "तुमाला ठाव न्हवतं? मला वाटलं, घरातलं काम हाय, त्यात काय सांगायचं."

मग एकदम भरभरून बोलायला लागली. बोटीला दिवस किती, तिथल्या दगडाला शेवाळ असेल तर नारळाच्या काथ्यानं घासावं लागेल, झऱ्याचं बाईला विचारलं का. पंधरा वर्षांत ती एका बैठकीत एवढं बोलली नव्हती. दोन भाकऱ्या करपल्या. मी बोललो नाही. खाल्ल्या.

तिकडे काय न्यायचं तेही तिनंच सांगितलं. "वीरगळीचा ठसा न्या की. खांब न्हेता येत न्हाई, पन घोडं कागदावर जातंय."

२४ मार्च, गुरुवार

काल पाडवा झाला. गुढी उतरवताना ठरवलं होतं, आज हे काम करायचंच.

मास्तरांनी शाळेत टेबल मांडलं. तक्ता भरला. नाव पहिलं, नाव दुसरं, काम. हिराच्या नावापुढे कामाच्या रकान्यात मास्तरांनी 'पत्नी' लिहायला घेतलं, मी हात धरला. "ठसे घेणारी, असं लिहा." माझ्या नावापुढे लिहायला सांगितलं 'मदतनीस'. मास्तरांनी चष्म्यावरून बघितलं, पण लिहिलं. त्यांनी आपला लोणावळ्याचा मफलर घडी करून हिरापुढे ठेवला आणि म्हणाले, "वहिनी, माझ्या इंग्रजीचं ओझं नको, एवढं न्या. चाळीस वाक्यं मराठी अक्षरांत लिहून देतोय, ती बोटीत पाठ करा. दत्तोबाला शिकवू नका, तो चुकीची म्हणेल."

"आन् मला तांब्याची किटली," वाहिद दारातून ओरडला. "ठोकलेली. वतीव नको."

मी सही केली. टाकातून शाईचा थेंब पडला आणि माझ्या नावाचं शेवटचं अक्षर बुडालं.

मास्तरांनी अंगठ्यासाठी शाईची उशी पुढे केली. हिरानं तिच्यावर बोट टेकवून बघितलं आणि मान हलवली. "कोरडी हाय. फराटा उठंल." तिनं पदराच्या गाठीतून आपली शाईची पुरचुंडी काढली. लेण्यातलीच, धुतलेली. अंगठ्यावर दोनदा टिपली. आधी चिंधीवर दाबून बघितलं, मग फुंकर घातली, मग तक्त्यावर ठेवला, घाई न करता एका कडेकडून दुसऱ्या कडेला फिरवला आणि अलगद उचलला.

मास्तरांनी टेबलाच्या खणातून भिंग काढलं. बराच वेळ बघत राहिले. वाहिद आत आला, त्यानंही बघितलं. मग मी. एकही रेघ तुटलेली नव्हती. मधे भोवरा, त्याच्या भोवती वळणं, डाव्या कडेला विळ्यानं कापल्याची जुनी खूण. सगळं उमटलं होतं. वीस वर्षं मास्तर गावाचे अंगठे घेतात. म्हणाले, "असा एक नाही पाहिला."

"वाळू द्या," हिरा म्हणाली. "लगीच घडी घालू नका."

वाळेपर्यंत आम्ही चौघं टेबलाभोवती उभे होतो. मग पाकीट बंद केलं आणि वाहिदच्या टांग्यातून मळवलीला गेलो. टपालपेटीपाशी मी पाकीट दोनदा उलटंपालटं करून बघितलं. हिरा बाजूलाच उभी होती, म्हणून पाकीट सोडलं. ते आत पडल्याचा आवाज आला. तरी तिनं पेटीचं झाकण वर केलं, आत वाकून बघितलं आणि मगच टांग्यात बसली.